प्लेट्स दुखतात म्हणजे नक्की काय दुखतं?

प्रश्न थोडक्यात असा आहे. नाशिक रोडच्या एक परिचारिका चार महिन्यांपूर्वी पूर्व लंडनमधल्या एका रुग्णालयात रुजू झाल्या. इंग्रजीची परीक्षा चांगल्या गुणांनी पास झाल्या होत्या, पण वॉर्डातल्या म्हाताऱ्या पेशंटांचं बोलणं डोक्यावरून जातं. एक आजोबा रोज सकाळी म्हणतात, 'मी प्लेट्स आर किलिंग मी', आणि या जेवणाच्या ताटल्या बघायला जातात. एका पेशंटच्या मुलाबद्दल सिस्टर म्हणाली की तो 'डुलॅली' झालाय. आणि तेच प्लेट्सवाले आजोबा यांना 'ट्रीकल' म्हणून हाक मारतात. ट्रीकल म्हणजे काकवी, असं शब्दकोशात निघालं. म्हणजे हा रंगावरून मारलेला टोमणा तर नाही ना, ही खरी काळजी.

मी गेली २२ वर्षं याच भागात दुभाषी म्हणून काम करते, निम्मं दवाखान्यांत आणि निम्मं कोर्टात. तेव्हा क्रमाने सांगते. ट्रीकलचं शेवटी सांगेन, पण तोवर घोर लावून घेऊ नका.

आजोबा बोलतात ती पूर्व लंडनच्या जुन्या रहिवाशांची, म्हणजे कॉकनींची, यमकाची बोली. आधी प्लेट्स. आजोबांचे पाय दुखताहेत. पाय म्हणजे 'फीट'. त्याला यमक जुळवलं 'प्लेट्स ऑफ मीट'. मग त्यातला 'मीट' गाळून टाकला आणि उरल्या प्लेट्स. ('मी प्लेट्स' मधला 'मी' म्हणजे 'माय', हा तिथला उच्चार.) सगळी मेख या गाळण्यात आहे. ज्या शब्दाने यमक जुळतं, ज्याच्यामुळे अर्थ लागायचा, तोच शब्द बोलायचा नाही.

मराठीत असं काही केलं असतं तर कसं दिसलं असतं ते बघा. 'पाणी' म्हणायचंय. यमक जुळवलं 'राजाराणी'. आता राणी गाळा. घरी आल्यावर सांगा, 'फार तहान लागलीय, तांब्याभर राजा दे.' घरातल्यांना कळेल, पाहुणा तोंडाकडे बघत बसेल. तुमचं सध्या त्या पाहुण्यासारखं झालंय, आणि त्यात तुमच्या इंग्रजीचा काही दोष नाही. शब्दकोशात 'राजा' बघून पाणी कसं सापडणार?

आपल्याकडे पोरं 'च'ची भाषा बोलतात, 'तुला काय पाहिजे'चं 'चलातु चयका चहिजेपा' करतात. ती अक्षरांची उलटापालट आहे, एकदा किल्ली सापडली की सगळं उलगडतं. लंडनच्या हातगाडीवाल्या फेरीवाल्यांचीही तशी एक उलटी बोली होती. 'बॉय' उलटा करून 'यॉब' झाला, आणि आज गुंड टवाळ पोराला सगळं ब्रिटन यॉब म्हणतं. यमकाच्या बोलीला मात्र एक किल्ली पुरत नाही. प्रत्येक जोडी वेगळी माहीत असावी लागते.

पेशंट अंगाबद्दलच बोलणार, म्हणून अंगाचा नकाशा डोक्यापासून खाली सांगते. केस म्हणजे 'बार्नेट', कारण उत्तर लंडनमधल्या बार्नेटची जत्रा, बार्नेट फेअर, 'हेअर'शी जुळते. डोकं म्हणजे 'लोफ', लोफ ऑफ ब्रेड, 'हेड'. 'यूज यॉर लोफ' म्हणजे जरा डोकं चालव. हे इतकं रुळलंय की बोलणाऱ्यालाही त्यातला पाव आठवत नाही. डोळे 'मिन्सेस', मिन्स पाइजवरून. चेहरा 'बोट', ऑक्सफर्ड आणि केंब्रिजच्या बोट रेसवरून, 'फेस'. मान 'ग्रेगरी', अमेरिकन नट ग्रेगरी पेकवरून, पण 'ग्रेगरी' म्हणजे बँकेचा चेकही होतो, कारण 'नेक' आणि 'चेक' दोन्ही 'पेक'शी जुळतात. हात 'चॉक फार्म', तोही उत्तर लंडनचा एक भाग. पोट, आतडी 'न्यूइंग्टन्स', न्यूइंग्टन बट्सवरून, 'गट्स'. तोंड 'नॉर्थ अँड साउथ', यातलं काही गाळत नाहीत, अख्खं बोलतात. आणि दात 'हॅम्पस्टेड्स', हॅम्पस्टेड हीथ या मोठ्या माळरानावरून. एखाद्या आजींनी पहाटे 'वेअर आर मी अँपस्टेड्स?' असं विचारलं तर त्या कुठे फिरायला निघालेल्या नाहीत, त्यांना कवळी हवी आहे. शब्दाच्या सुरुवातीचा 'ह' तिथे गिळतात, त्यामुळे हॉस्पिटलचंही 'ऑस्पिटल' होतं.

यातले सगळे शब्द रोज ऐकू येतील असं नाही. पर्यटकांच्या कपांवर आणि टॉवेलांवर छापलेलं 'ॲपल्स अँड पेअर्स', म्हणजे जिना, मी २२ वर्षांत सरळ गंभीरपणे कुणाच्या तोंडून ऐकलेलं नाही. जे खरोखर चालतात ते बहुतेक वेळा यमकाचे म्हणून ओळखूही येत नाहीत. 'हॅव अ बुचर्स' म्हणजे जरा बघ, खाटकाच्या आकड्यावरून, हुक आणि लुक. 'पोर्कीज' म्हणजे थापा, पोर्क पाइज आणि लाइज. मधुमेहाचा पेशंट 'मी बिस्किट खाल्लंच नाही' म्हणाला आणि सिस्टर 'पोर्कीज!' म्हणाली, तर तिने त्याला खोटारडा ठरवलंय, पण प्रेमाने. 'ऑल ऑन मी टॉड' म्हणजे मी एकटाच, टॉड स्लोन नावाच्या अमेरिकन जॉकीवरून, 'ओन'. हे वाक्य मात्र कान देऊन ऐका, घरी सोडताना त्याला सोबत आहे की नाही ते यातून कळतं. 'हँक मार्विन' म्हणजे कडकडून भूक, 'स्टार्विंग', एका गिटारवादकाच्या नावावरून. 'ब्राउन ब्रेड' म्हणजे मेलेला. आणि कुणी 'रूबी खायला चल' म्हटलं तर तो आपल्याच जेवणाचा विषय आहे. रूबी मरे ही बेलफास्टची गायिका. १९५५ मध्ये एकाच आठवड्यात तिची पाच गाणी पहिल्या विसात होती. 'मरे' जुळतं 'करी'शी. तिचं गाणं आता फारसं कुणाला आठवत नाही, पण शुक्रवारी रात्री करी खायला निघालेली माणसं तिचं नाव घेतात.

हे सुरू कधी झालं? छापील पुरावा एकोणिसाव्या शतकाच्या मध्याचा. जॉन कॅम्डन हॉटन नावाच्या लंडनच्या प्रकाशकाने १८५९ मध्ये बोलीभाषेचा कोश काढला, त्यात या यमकी शब्दांची वेगळी यादी दिली आणि ही टूम बारा-पंधरा वर्षांपूर्वीची असल्याचं लिहिलं. बोलणारे कोण, तर रस्त्यावर गाणी आणि खुनांच्या बातम्यांची पत्रकं ओरडून विकणारे लोक. पोलिसांना कळू नये म्हणून चोरांनी काढलेली भाषा, ही गोष्ट सगळीकडे सांगतात. मला ती पटत नाही. पोलीसही त्याच गल्लीतले, त्यांना चार दिवसांत कळलं असतं. मला वाटतं ज्यांचं पोटच जिभेवर चालतं त्यांनी जिभेला दिलेली ही चैन होती.

कॉकनी कोण, याचं जुनं माप म्हणजे बो बेल्सच्या घंटा ऐकू येतील अशा टापूत जन्मलेला. ही घंटा बो नावाच्या भागातली नाही, बरं का, चीपसाइडच्या सेंट मेरी-ल-बो चर्चची आहे. १९४१ च्या बाँबहल्ल्यात ते चर्च आणि घंटा गेल्या, नव्या घंटा वाजल्या १९६१ मध्ये. काटेकोर माप लावलं तर मधल्या वीस वर्षांत एकही कॉकनी जन्माला आला नाही. तुमच्या वॉर्डातले ऐंशीच्या घरातले आजोबा नेमके त्या वर्षांतले असतील, पण हे त्यांना सांगायला जाऊ नका.

आता एक सावधगिरी. ही बोली समजून घ्या, बोलू मात्र नका. परक्या उच्चारात ती ओढूनताणून वाटते, ते एक झालं. दुसरं जास्त महत्त्वाचं: गाळलेल्या शब्दात काय दडलंय ते दिसत नाही. 'बर्क' हा शब्द लोक 'येडा' अशा अर्थी सहज वापरतात, टीव्हीवरही येतो. तो बार्कशर किंवा बार्कली हंटवरून आलाय आणि 'हंट'शी जुळणारा जो शब्द आहे तो इंग्रजीतली सगळ्यात घाणेरडी शिवी मानतात. 'कॉबलर्स' म्हणजे 'फालतू बडबड', मुळात मोच्याच्या आऱ्या, 'ऑल्स', आणि त्याला जुळणारा अवयव तुम्ही ओळखा. तोंडाने फुर्र आवाज काढून हिणवतात त्याला 'रास्पबेरी' म्हणतात, तो रास्पबेरी टार्ट आहे आणि जुळतो पादण्याशी. काही जोड्या ज्यू लोकांना, अपंगांना हिणवणाऱ्या आहेत, त्या मी इथे लिहीत नाही. यमकाशी संबंध नसलेली पण सांगायलाच हवी अशी एक गोष्ट: पाकिस्तानी या शब्दाचं पहिल्या दोन अक्षरांचं लघुरूप आपल्याकडे क्रिकेटच्या गप्पांत सहज येतं. ब्रिटनमध्ये ती वांशिक शिवी आहे, आपल्यालाही तीच देतात. चुकूनही तोंडातून जाऊ देऊ नका.

पैशांचं थोडक्यात. क्विड म्हणजे पाउंड, पोनी २५, मंकी ५००, ग्रँड हजार. माकडाबद्दल एक कहाणी फिरते की हिंदुस्थानातल्या पाचशेच्या नोटेवर माकडाचं चित्र होतं आणि गोऱ्या सोल्जरांनी तो शब्द मायदेशी नेला. अशी माकडछाप नोट नव्हतीच. आणि नुसतं 'इट्स पोनी' म्हटलं तर पैशांचा संबंध नाही, ते भिकार आहे असा अर्थ, पोनी अँड ट्रॅपवरून, 'क्रॅप'. दहाच्या नोटेला 'टेनर' म्हणतात आणि उंच पट्टीच्या पुरुष गायकालाही 'टेनर'च म्हणतात, म्हणून पॅवरॉटी या प्रसिद्ध टेनर गायकावरून दहाची नोट झाली 'पॅवरॉटी'. इथे यमकसुद्धा नाही, दोन शब्दांचा नुसता सारखा उच्चार.

सारख्या उच्चारांवरून आठवलं. खरं सांगायचं तर यमकी बोलीने मला फारसा त्रास दिला नाही. तिथे निदान कळतं की आपल्याला कळलेलं नाही. घात होतो तो ओळखीच्या शब्दांनी. पहिल्या वर्षी मी सोलापूरहून लेकाकडे आलेल्या एका आजींसोबत दवाखान्यात बसले होते. डॉक्टरांनी विचारलं, 'हाउ आर द वॉटरवर्क्स?' मी बिनदिक्कत विचारलं, 'आजी, घरी नळाचं पाणी कसं आहे?' आजी खुलल्या. म्हणाल्या, 'इथं काय, चोवीस तास धार. आमच्याकडं चार दिवसांतनं एकदा, तेपण रात्री दोनला.' मी ते जसंच्या तसं इंग्रजीत सांगितलं. डॉक्टरांचं पेन थांबलं. वॉटरवर्क्स म्हणजे लघवीची तक्रार, हे मला त्या दिवशी कळलं. 'स्पेंड अ पेनी' म्हणजेही लघवीला जाणं, पूर्वी सार्वजनिक शौचालयाच्या दाराला एक पेनी टाकावी लागायची त्यावरून. 'पास्ड वॉटर?' असं विचारलं तर पाण्याचा पेला पुढे करायचा नसतो.

'सिक' हा शब्द तर तिहेरी आहे. 'आय हॅव बीन सिक' म्हणजे आजारी होतो असं नाही, उलटी झाली. 'ऑफ सिक' म्हणजे आजारपणाच्या रजेवर. आणि भेटायला आलेला सोळा वर्षांचा नातू आजोबांचा नवा वॉकर बघून 'दॅट्स सिक' म्हणाला तर तो म्हणतोय 'एकदम भारी'. या नातवाची बोली वेगळीच आहे. युद्धानंतर जुने कॉकनी कुटुंबांसकट लंडनशेजारच्या एसेक्सकडे सरकले, आणि पूर्व लंडनच्या पोरांच्या बोलीत जमैकन, बंगाली, आफ्रिकी असं सगळं मिसळलं. 'बेअर' म्हणजे खूप, 'एंड्स' म्हणजे आपली आळी, 'पीक' म्हणजे वाईट झालं (शिखराशी संबंध नाही), आणि प्रत्येक वाक्याला 'इनिट'. 'इनिट' आपल्याला अवघड जायला नको. आपण 'आलास ना?', 'गेला होता ना?' असं म्हणतो तोच हा 'ना'. कर्ता, काळ काही बघायचं नाही, शेवटी चिकटवून द्यायचा.

कॉकनी उच्चारात 'थ' ओठांवर येऊन 'फ' होतो. थ्री झाला 'फ्री', थिंक झाला 'फिंक', आणि 'डेथ' ऐकू येतं 'डेफ'. शेवटच्या जोडीवरून वॉर्डात काय होऊ शकतं ते सांगायला नको. कोर्टात मी एकदा साक्षीदाराच्या 'आय फॉट इट वॉज ओव्हर' या वाक्याचं कुजबुजत भाषांतर केलं, 'मी मारामारी केली, प्रकरण मिटलं.' बिचारा म्हणत होता, 'मला वाटलं, प्रकरण मिटलं.' थॉटचं फॉट. न्यायाधीशांपर्यंत माझं मराठी पोचत नव्हतं म्हणून बरं, पण शेजारी बसलेला आमचा मराठी माणूस ताडकन उभा राहिला होता.

दुसऱ्या बाजूने आपणही त्यांना कोड्यात टाकतो. मराठीत ऱ्हस्व-दीर्घाची भांडणं कागदावर होतात, बोलताना फारसं कुणी लक्ष देत नाही. इंग्रजीत त्यावर अर्थ फिरतो. 'आय विल चेंज यॉर शीट' मधली 'शी' आखूड झाली की पेशंट चादरीऐवजी भलतंच समजतो. 'शी' लांब ओढा, अगदी आपण नाक मुरडून 'शीऽ' म्हणतो तशी. (हो, मला विनोद कळतोय.) व्ही आणि डब्ल्यू आपण दोन्हीला एकच 'व' देतो. व्ही म्हणताना वरचे दात खालच्या ओठाला टेकवा. डब्ल्यू म्हणताना दात लांब ठेवा, ओठांचा चंबू करा, 'उ' म्हणून सुरुवात करा: उएट, उएस्ट. वेट म्हणजे ओलं, पण दात टेकवून म्हटलं तर गुरांचा डॉक्टर. उएस्ट ही दिशा, व्हेस्ट म्हणजे त्यांच्याकडे बनियन. 'टेक ऑफ यॉर वेस्ट' म्हटल्यावर पेशंट गोंधळला तर कारण हे. औषधाच्या मात्रेत 'फिफ्टीन' आणि 'फिफ्टी' कधीच नुसतं बोलू नका, 'वन फाइव्ह', 'फाइव्ह झीरो' असं आकडे सुटे करून सांगा आणि समोरच्याकडून परत म्हणवून घ्या. वेळेचंही तसंच. 'हाफ सेव्हन' म्हणजे साडेसात. साडेसहा समजून तासभर आधी पोचलात तर ड्युटी चुकत नाही, झोप तेवढी जाते.

कळलं नाही तर काय करायचं? मी एकच प्रश्न विचारते: 'हे कशाशी जुळतं?' म्हातारी माणसं खूश होतात. हा प्रश्न ऐकला की पेशंट उठून बसतो आणि दहा मिनिटं शिकवतो. पण दुखण्याबद्दल बोलणं चाललं असेल तर तेवढ्यावर थांबू नका, बोट ठेवून दाखवायला सांगा. 'बोट' म्हणाला तर बोट चेहऱ्यावर ठेवतो की कुठे, ते दिसेल.

आता डुलॅली. सिस्टर म्हणाली मुलगा डुलॅली झालाय, म्हणजे त्याचं डोकं फिरलंय, आईच्या काळजीने सैरभैर झालाय. हा शब्द कळायला तुम्हाला लंडनला यायची गरज नव्हती, ताई. नाशिक रोडहून रिक्षाने जाल तिथला आहे. डुलॅली म्हणजे देवळाली. १८६१ पासून तिथे इंग्रज सोल्जरांची छावणी होती. नोकरीची मुदत संपलेले सोल्जर मायदेशी जाण्याआधी तिथे आणून ठेवत. सैन्याची जहाजं हिवाळ्याच्या मोसमातच सुटत. ज्याची मुदत उन्हाळ्याच्या तोंडावर संपे तो पुढचे कित्येक महिने तिथे अडकून पडे. ना ड्युटी, ना घर, वर ऊन. कुणी दारूत बुडे, कुणी भांडणं काढी, कुणाचं डोकं जाई. त्याला सोल्जर म्हणत 'डुलॅली टॅप', देवळालीचा ताप. पुढे टॅप गळला आणि नुसती डुलॅली उरली.

असे आपले बरेच सापडतील. 'पक्का' जेवण, चिठ्ठीची 'चिटी', खुशीवरून आरामाच्या नोकरीला 'कुशी'. प्रेमाने स्वतःच्या देशाला 'ब्लायटी' म्हणतात, तोही आपल्या विलायतीचा बिघडलेला उच्चार. 'हॅव अ बुचर्स' ऐवजी एखादा जुना फौजी 'हॅव अ डेको' म्हणेल. तिथे यमक शोधत बसू नका. तो सरळ 'देखो' म्हणतोय.

राहिली ट्रीकल. ट्रीकल टार्ट म्हणजे साखरेचा सोनेरी पाक (गोल्डन सिरप) आणि पावाचा चुरा घातलेला गोड पदार्थ. टार्ट जुळतो 'स्वीटहार्ट'शी, आणि नेहमीप्रमाणे टार्ट गाळला. पूर्व लंडनचे जुने लोक मुलीला, नातीला, दुकानातल्या बाईला, चहा आणून देणाऱ्या कुणालाही ट्रीकल म्हणतात, गोरी असो की सावळी. आजोबा तुम्हाला 'पोरी' म्हणताहेत. आणि त्यांच्या प्लेट्स रोज दुखत असतील तर सकाळी पायांवरची सूज एकदा बघून घ्या, चार महिने ते तेच सांगताहेत.